पंच क्रमांक दोन

खुनाची बातमी आली की आमच्या भागातल्या वर्तमानपत्रांत शेवटचं वाक्य बहुतेक ठरलेलं असतं. ‘पोलिसी खाक्या दाखवताच आरोपीने गुन्ह्याची कबुली दिली.’ हे वाक्य मी शाळेत असल्यापासून वाचत आले आहे. हिंदी मालिकांतली गोष्ट तिथेच संपते आणि आता यूट्यूबवरच्या मराठी क्राइम स्टोऱ्याही तिथेच संपतात. कबुली झाली, बेड्या पडल्या, पुढे पाहायचं काही उरत नाही. मी एका खून खटल्यात सरकारी पंच होते, आणि त्या वाक्यानंतर जे सुरू होतं ते मला जवळून पाहायला मिळालं. मी काही कायदा शिकलेली नाही. पाटबंधारे खात्याच्या एका उपविभागीय कार्यालयात दफ्तर कारकून आहे. माणसांची, गावाची आणि कोर्टाची नावं मुद्दाम देत नाही.

आधी पंच म्हणजे काय ते सांगते, कारण मालिकांत हा माणूस कधी दिसत नाही. पोलिसांनी एखादी वस्तू जप्त केली, जागेची पाहणी केली, तर ते खरोखर तसंच घडलं हे सांगायला पोलीस सोडून दोन तटस्थ माणसं लागतात. पूर्वी टपरीवरून, रिक्षा स्टँडवरून कुणालाही बोलावून घ्यायचे. चार वर्षांनी तो माणूस सापडायचा नाही, सापडला तर ‘मला काही आठवत नाही’ म्हणायचा. म्हणून गंभीर गुन्ह्यांत सरकारी कर्मचारी पंच घ्यायची पद्धत आली. पोलीस ठाण्यातून ऑफिसला पत्र येतं, ‘पंच म्हणून दोन कर्मचारी उपलब्ध करून देणेबाबत’, आणि साहेब ज्यांच्याकडे बोट करतील ते जातात. 2019 च्या मार्चमध्ये साहेबांनी आमच्या कालवा निरीक्षकांना आणि मला पाठवलं. ते पंच क्रमांक एक, मी दोन.

ठाण्यात आरोपीला कोठडीतून बाहेर आणलं. पंचविशीचा मुलगा, पायात चप्पल नाही. त्याने आधी पाणी मागितलं. मग तपासी अधिकाऱ्यांसमोर बोलला. कुणाला, कशावरून, कसं मारलं ते सांगितलं, आणि ‘कोयता कालव्याच्या कडेला पाचटाखाली टाकलाय, चला, दाखवतो’ म्हणाला. हवालदार संगणकावर जसंच्या तसं टाइप करत होते. प्रिंट निघाली, आम्ही वाचली, प्रत्येक पानावर सह्या केल्या. एका जागी तारखेत खाडाखोड होती, तिथे बाजूला अधिकाऱ्यांची छोटी सही घ्यायला लावली. ती ऑफिसातली सवय.

नंतर सगळे जीपमधून निघालो. रस्ता तोच सांगत होता. डावीकडे, पुढे, पुलाच्या अलीकडे. तोडणी झालेल्या उसाचं रान, शेजारी चर. त्याने वाकून पाचट बाजूला केलं आणि कोयता दाखवला. दुपारचे दोन-अडीच झाले असतील, ऊन नुसतं भाजत होतं. टेपने लांबी मोजली, पात्याची वेगळी, मुठीची वेगळी. पात्यावर तांबूस डाग होते. तो कोयता खाकी कागदात गुंडाळून दोरा बांधला, मेणबत्तीवर लाख वितळवून गाठीवर सील केलं आणि आमच्या सह्यांची चिठ्ठी लावली. लाखेचा तो वास पुढे कितीतरी दिवस माझ्या नाकात होता.

त्यानंतर काही महिन्यांनी यूट्यूबवर त्या खुनाचा व्हिडिओ आला. वीसेक मिनिटांचा. गावाचं नाव खरं, मयताचं नाव खरं, त्याच्या लग्नातला फोटोही खरा, कुणाच्या तरी व्हॉट्सॲप स्टेटसवरून उचललेला. बाकीची दृश्यं कुठून कुठून जोडलेली. रात्रीची वेळ, बॅटऱ्यांचे झोत, पावसाने भिजलेलं रान, आणि लाल कापड गुंडाळलेल्या मुठीचा कोयता. आवाज भारदस्त, मागे ढोलासारखं संगीत. तालुक्यात ज्याच्या त्याच्या मोबाइलवर तो फिरला. आमच्याकडे जेवणं झाल्यावर सगळ्यांनी मिळून पाहिला. सासूबाई म्हणाल्या, ‘‘रात्री काढला होय गं कोयता?’’ मी म्हटलं, ‘‘नाही हो आई, दुपारी. मी तिथंच होते.’’ त्या थोडा वेळ गप्प बसल्या, मग म्हणाल्या, ‘‘मग त्यांनी रात्र कशी दाखवली?’’ त्यांच्या मनात खरंच शंका होती, आणि ती माझ्याबद्दल होती.

मग कोरोना आला आणि कोर्टं जवळजवळ बंद पडली. समन्स हातात पडलं ते 2023 मध्ये. समन्स आलं म्हणजे साक्ष झाली असं नसतं. कधी न्यायाधीश रजेवर असत, कधी कारागृहातून आरोपीला आणायला पोलीस पार्टी मिळत नसे. एकदा तर सगळे हजर होते, फक्त मुद्देमाल आणलेला नव्हता. प्रत्येक वेळी ऑफिसात हजेरीचा दाखला द्यायचा आणि पुढची तारीख घेऊन यायचं. कोर्टाच्या वऱ्हांड्यात बाकावर बसून राहायचं, शिपायाचा पुकारा ऐकायचा. त्याच बाकाच्या दुसऱ्या टोकाला मयताची आई बसलेली असायची. नऊवारी, कडेला पिशवी, पिशवीत भाकरी. प्रत्येक तारखेला. व्हिडिओत ती कुठेच नव्हती.

कोर्टाबद्दल डोक्यात असलेल्या बऱ्याच गोष्टी पहिल्या तासाभरातच गळून पडल्या. हातोडा नाही. हात ठेवायला गीता नाही. शपथ 1969 च्या शपथ कायद्याप्रमाणे नुसती तोंडी घ्यायची. वकील ओरडत नाहीत, बहुतेक वेळ कागद चाळत असतात. साक्षीदार बोलतो, न्यायाधीश ते ऐकून टंकलेखकाला सांगतात, आणि तुमचं बोलणं त्यांच्या वाक्यांत कागदावर उतरतं. त्यामुळे सगळं फार सावकाश चालतं. मला त्या सावकाशीचा आधार वाटला. एखादा शब्द चुकीचा उतरला तर थांबवून सांगता येतं, आणि मी एकदा सांगितलंही.

साक्षीच्या दिवशी सकाळी सरकारी वकिलांनी पंचनामा वाचायला दिला. चार वर्षांनंतर स्मरण ताजं करायला साक्षीदाराला आपला कागद वाचू देतात, त्यात गैर काही नाही. मी वाचत गेले आणि एका ओळीवर थांबले. ‘लाकडी मूठ, त्यावर दोन रिबिटा.’ कापडाचा उल्लेखच नाही. माझ्या डोळ्यांसमोर मात्र लाल कापड होतं. इतकं स्वच्छ, की त्याची सुटलेली चिंधीसुद्धा दिसत होती. मी पान उलटून पाहिलं, पुन्हा वाचलं. खाली माझीच सही. मग आठवायला लागले की कोयता हातात धरून टेप लावली तेव्हा मुठीवर काय होतं, आणि हळूहळू उघडं लाकूड आठवलं, घामाने काळं पडलेलं. लाल कापड त्या व्हिडिओतलं होतं. ते माझ्या आठवणीत केव्हा शिरलं आणि केव्हापासून माझं झालं, हे मला सांगता येणार नाही. पंचनामा वाचला नसता तर मी देवाशपथ लाल कापड सांगितलं असतं, आणि खोटं बोलते आहे असं मला कणभरही वाटलं नसतं.

पिंजऱ्यात उभी राहिले. सरतपासणीत, म्हणजे सरकारी वकिलांच्या प्रश्नांच्या वेळी, त्यांनी विचारलं, आरोपी ठाण्यात काय म्हणाला? मी सुरुवातीपासून सांगायला लागले, ‘‘तो म्हणाला, मी त्याला…’’ तोच बचाव पक्षाचे वकील उठले आणि न्यायाधीशांनी मला हाताने थांबवलं. फक्त कोयता कुठे आहे याबद्दल तो काय म्हणाला तेवढंच सांगा, म्हणाले. त्या क्षणी मला ते विचित्र वाटलं. जे वाक्य मी कानांनी ऐकलं, ज्याच्या खाली सही केली, त्यातला नेमका महत्त्वाचा अर्धा भाग कोर्ट ऐकायला तयार नव्हतं.

जेवणाच्या सुट्टीत सरकारी वकिलांनी नीट समजावलं. 1872 च्या पुरावा कायद्यात कलम 25 आणि 26 आहेत. पोलिसांना दिलेला कबुलीजबाब, किंवा पोलिसांच्या ताब्यात असताना दिलेला, आरोपीविरुद्ध वापरता येत नाही. अपवाद मॅजिस्ट्रेटसमोर दिलेल्या कबुलीचा, आणि कलम 27 चा. आरोपीने सांगितल्यामुळे एखादी गोष्ट सापडली, तर त्या सापडण्याशी थेट जोडलेला भागच तेवढा चालतो. ‘कोयता मी इथे ठेवलाय’ चालेल. ‘ज्याने मी मारलं’ चालणार नाही. प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे इंग्रजांच्या काळातल्या लंडनमधल्या शेवटच्या अपील कोर्टाने, पुलुकुरी कोट्टाया खटल्यात हे स्पष्ट केलं, त्याचा दाखला 1947 पासून आजवर रोज कुठल्या ना कुठल्या कोर्टात दिला जातो. आता 1 जुलै 2024 पासून नवा भारतीय साक्ष अधिनियम आला, त्यात ही तिन्ही कलमं एका कलम 23 मध्ये आणली आहेत, पण नियम तोच. कारणही तेव्हाचंच आहे: बंद खोलीत कबुली कशी मिळवली जाते, याची इंग्रजांनाही कल्पना होती.

मला त्या रात्री झोप लागली नाही. ज्या ‘खाक्या’वर गावोगाव माणसं समाधान मानतात, तो खाक्या हेच ती कबुली बाद होण्याचं कारण आहे. बातमीत जे वाक्य पुराव्यासारखं छापलं जातं, ते कोर्टात उच्चारूही देत नाहीत. आणि हे वाचकाला कुणी सांगत नाही. सुशांतसिंह राजपूत प्रकरणातल्या वार्तांकनावर मुंबई उच्च न्यायालयाने 18 जानेवारी 2021 रोजी निकाल दिला. तपास सुरू असताना काय दाखवू नये याची त्यात यादी आहे. गुन्ह्याचा प्रसंग उभा करून आरोपीने तो कसा केला हे दाखवणं त्यात आहे. पोलिसांना दिलेली कबुली कोर्टात चालणारा पुरावाच आहे असं लोकांना भासवणं, तेही पुरावा कायद्यातली खाचखोच न सांगता, हेही आहे. मी ती यादी खूप उशिरा वाचली आणि आमच्या तालुक्यातला तो व्हिडिओ समोर ठेवून वाचली. दोन्ही गोष्टी त्यात जशाच्या तशा होत्या.

उलटतपासणी तासाभराची झाली. सील कोर्टातच फोडलं. चार वर्षांच्या गंजाने कोयता लहान दिसत होता. वकील सौम्यपणे विचारत होते. जागा उघडी होती ना? कुणीही ये-जा करू शकत होतं ना? मी हो म्हटलं, कारण ते खरं होतं. तारखेच्या खाडाखोडीवर त्यांनी बोट ठेवलं, तेव्हा बाजूची सही दाखवली आणि तो विषय मिटला. मग विचारलं, मुठीला कापड होतं का? नाही. नक्की? नक्की नाही. त्यांनी हातातल्या कागदाकडे पाहिलं आणि तोच प्रश्न उलटा करून पुन्हा विचारला. मला कळेना की त्यांना कापडात एवढा रस का. शेवटी मी खोटं बोलते आहे असं त्यांनी नेहमीप्रमाणे सुचवलं आणि माझा नकार कागदावर उतरला: ‘हे म्हणणे खरे नाही की, मी पोलिसांच्या सांगण्यावरून खोटी साक्ष देत आहे.’

निकाल 2024 मध्ये लागला. संशयाचा फायदा देऊन निर्दोष मुक्तता. त्या संध्याकाळी मोबाइलवर जो तो एकच म्हणत होता: न्यायाधीशाने पैसे खाल्ले, कायदा आंधळा, कबुली दिलेला माणूस सुटतोच कसा. ऑफिसात चहाच्या वेळी साहेबसुद्धा तेच म्हणाले. यातल्या एकानेही कोर्टाची पायरी चढलेली नव्हती. तो वीस मिनिटांचा व्हिडिओ मात्र सगळ्यांनी पाहिला होता आणि त्यांच्या लेखी निकाल त्याच रात्री लागला होता.

ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावरून मी निकालपत्र उतरवून घेतलं आणि दोन रविवार बसून वाचलं. दोघांना शेवटचं एकत्र पाहिलं असं पोलिसांना सांगणारा साक्षीदार कोर्टात फितूर झाला होता. प्रयोगशाळेच्या अहवालात कोयत्यावर मानवी रक्त होतं, पण रक्तगट निश्चित होऊ शकला नव्हता. मालिकांत भिंग लावलं की दोन मिनिटांत नाव बाहेर येतं. खऱ्या अहवालात ‘अनिर्णित’ हा शब्द किती वेळा येतो हे कुणी दाखवत नाही. कोयता सापडला ती जागा उघडी, सर्वांच्या वावरातली. आणि मग पंचांबद्दलचा परिच्छेद आला. पंच क्रमांक एक यांनी शपथेवर सांगितलं होतं की मुठीला लाल कापड गुंडाळलेलं होतं. पंचनाम्यात ते नाही, पंच क्रमांक दोन नाही म्हणते, समोर असलेल्या वस्तूवर नाही. त्यामुळे जप्तीच्या वेळी हीच वस्तू होती का, अशी शंका निर्माण होते.

आमचे कालवा निरीक्षक तोवर सेवानिवृत्त होऊन गावी गेले होते. अत्यंत सरळ माणूस. पाटाच्या पाण्याच्या पाळीत कधी कुणाचा रुपया घेतला नाही, आणि साक्षीबद्दल आपसात बोलू नका म्हटल्यावर फोनवरही त्यांनी माझ्याकडे एक अक्षर काढलं नव्हतं. त्यांनी कोर्टात पाहिलेलंच सांगितलं. फक्त ते त्यांनी मोबाइलवर पाहिलं होतं.

आपल्याकडे ज्युरी, म्हणजे सामान्य नागरिकांतून निवडलेले पंच निकाल देतात ती पद्धत, नाही. 1959 मध्ये मुंबईत नानावटी खून खटल्यात ज्युरीने आरोपी नौदल अधिकाऱ्याला आठ विरुद्ध एक मतांनी निर्दोष ठरवलं, वर्तमानपत्रांनी तेव्हा केवढी हवा केली होती ते आजही सांगितलं जातं; पुढे उच्च न्यायालयाने तो कौल फिरवला आणि हळूहळू ज्युरीची पद्धतच गेली. त्यामुळे आपल्याला वाटतं की लोकांनी काहीही पाहिलं तरी काय बिघडतं, निकाल तर न्यायाधीश देणार, कारणं लिहून देणार. मलाही हेच वाटत होतं. पण न्यायाधीशासमोर जे येतं ते साक्षीदारांच्या तोंडून येतं, आणि साक्षीदार लोकांतूनच येतात. पंच, शेजारी, दूधवाला, वस्तीवरची बाई, सगळे रात्री तोच मोबाइल पाहतात. खटला चार-पाच वर्षं रेंगाळतो, तोवर आठवण काय जशीच्या तशी राहते? माझ्या मते या कार्यक्रमांचं सगळ्यात मोठं नुकसान इथे आहे, आणि त्यावर फार कमी बोललं जातं. आरोपीची बदनामी होते हे खरंच. पण मयतासाठी न्याय मागणारा खटलासुद्धा त्याच व्हिडिओने पोखरला जातो.

सगळा दोष प्रसिद्धीला देणं मात्र मला पटत नाही. जेसिका लाल खून खटल्यात साक्षीदार फितूर झाले, फेब्रुवारी 2006 मध्ये सगळे आरोपी सुटले, आणि वर्तमानपत्रं-वाहिन्यांनी विषय लावून धरला नसता तर त्याच वर्षी डिसेंबरमध्ये दिल्ली उच्च न्यायालयात दोषसिद्धी झाली असती का, मला शंका आहे. त्या वेळी माध्यमांनी नोंदीत असलेल्या पुराव्याकडे बोट दाखवलं होतं. उलट 2008 च्या आरुषी तलवार खून प्रकरणात तिच्या आई-वडिलांबद्दल रोज नवी गोष्ट रचली गेली. 2013 मध्ये शिक्षा झाली आणि 2017 मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने दोघांना निर्दोष सोडलं. आजही त्यांचं नाव काढलं की माणसं ‘पण केलं त्यांनीच’ म्हणतात. विचारलं, कशावरून, तर पाहिलेल्या कार्यक्रमाचं नाव सांगतात.

आता झडती-जप्तीचं ऑडिओ-व्हिडिओ चित्रीकरण नव्या नागरिक सुरक्षा संहितेने, म्हणजे फौजदारी प्रक्रियेच्या नव्या कायद्याने, बंधनकारक केलं आहे. आमच्या वेळी ते असतं तर मुठीचा प्रश्नच आला नसता. ऑफिसातल्या नव्या मुलांना मी दोनच गोष्टी सांगते. पंचनाम्याहून परत आलात की त्याच रात्री आपल्या वहीत आपल्या शब्दांत लिहून ठेवा, आणि साक्ष होईपर्यंत त्या प्रकरणाचा एकही व्हिडिओ उघडू नका, घरात लावला असेल तर उठून जा.

निकालानंतर काही दिवसांनी मयताची आई ऑफिसात आली. पाणीपट्टीचं निमित्त होतं. काम झाल्यावर माझ्या टेबलाशी उभी राहिली. ‘‘ताई, तुम्ही त्यो कोयता बघितलाय न्हवं? मग सुटला कसा?’’ मी तिला खुर्चीवर बसवलं आणि निकालपत्रातलं एकेक कारण सोप्या भाषेत सांगितलं. फितूर झालेला साक्षीदार, अनिर्णित रक्तगट, उघडी जागा, लाल कापड. तिने मध्ये एकदाही अडवलं नाही. कापडाचं ऐकल्यावर म्हणाली, ‘‘आमच्या घरात तर तसलं कापडच न्हवतं कुठं.’’ मयताच्या घरच्यांनाही निर्दोष मुक्ततेविरुद्ध उच्च न्यायालयात अपील करता येतं, आणि बाईमाणसाला उत्पन्न कितीही असलं तरी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील फुकट मिळतो, हे तिला कुणी सांगितलेलंच नव्हतं. मी पत्ता लिहून दिला, कोणते कागद लागतील त्याची यादी केली, निकालपत्राची प्रत काढून दिली. अपील दाखल झालं आहे. त्याच चॅनेलने निकालावर दुसरा व्हिडिओ काढला, ‘कबुली देऊनही सुटला’ अशा नावाचा. त्यात कोयता पुन्हा लाल कापडाचाच आहे.